शेरा आणि अर्ज

दलित साहित्याच्या समीक्षेने आजवर वेदना मोजली, नकार मोजला, विद्रोह तर किती वेळा मोजला त्याला गणती नाही. अर्ज मात्र कोणी मोजला नाही. नोकरीत जातीमुळे अन्याय झाला म्हणून दलित माणसाने लिहिलेला कागद, मग तो साहेबाला लिहिलेला असो, आयोगाला असो की न्यायालयाला, हा आपल्या वाङ्मयविचारात कुठेच बसत नाही. आपल्या कार्यकर्त्यांना तर हा शब्दच आवडत नाही. त्याला लाचारीचा वास येतो म्हणतात. ज्या पिढीने गावकीची कामे फेकून दिली तिने पुन्हा ‘आपला आज्ञाधारक’ म्हणून सही का करावी, असा सवाल चर्चासत्रांतून हमखास ऐकू येतो. सवाल प्रामाणिक आहे, पण तो आपलाच इतिहास विसरून विचारलेला आहे.

इंग्रजांनी महारांची सैन्यभरती बंद केली तेव्हा निवृत्त हवालदार गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ साली भरती पुन्हा खुली व्हावी म्हणून जे लिहिले तो अर्जच होता. १९१० साली शिवराम जानबा कांबळे यांनी दख्खनच्या महारांच्या वतीने थेट भारतमंत्र्यांसाठी जे तयार केले तेही विनंतिपत्रच. त्यात मागणे काय होते? सैन्यात घ्या, पोलिसांत घ्या, सरकारी नोकरीच्या खालच्या पायऱ्यांवर तरी उभे राहू द्या. म्हणजे आपल्या आधुनिक गद्याच्या पायाशी जे दगड आहेत त्यांतले काही थेट नोकरीतल्या भेदभावाविरुद्धच्या तक्रारीचे आहेत. त्यांची भाषा वाकलेली आहे हे खरे. मागणी मात्र ताठ आहे. भाषेवरून माणूस ओळखायची आपली सवय इथे फसते.

बाबासाहेबांनाही अर्ज चुकला नाही. १९१७ साली बडोदा संस्थानच्या नोकरीत त्यांचे काय झाले ते आपण सगळे जाणतो: फायली लांबून टाकणारे शिपाई, पारशी धर्मशाळेतून काठ्या घेऊन हुसकणारे लोक. या हकीकतीतला एक तपशील मात्र आपण सांगताना गाळतो. राहायला जागा मिळावी म्हणून त्यांनी संस्थानकडे लेखी मागणी केली होती. कागद महाराजांकडून दिवाणांकडे गेला आणि तिथे निष्फळ ठरला. कोलंबियाहून शिकून आलेल्या माणसाचा अर्जही दिवाणाच्या टेबलावर पडून राहतो, हे त्या हकीकतीतले सर्वांत कोरडे आणि म्हणून सर्वांत भयंकर वाक्य आहे, असे मला वाटते.

पण १९३८ च्या फेब्रुवारीत मनमाडला जी. आय. पी. रेल्वेच्या अस्पृश्य कामगारांच्या परिषदेत तेच बाबासाहेब बोलतात तेव्हा बडोद्याची धर्मशाळा तिथे नसते. तिथे खात्यांचा हिशेब असतो. अस्पृश्य माणूस रेल्वेत गँगमन म्हणून जन्म काढतो. त्याला पोर्टर का करत नाहीत? कारण पोर्टरकडून स्टेशनमास्तर घरची कामे करून घेतो, आणि घरात अस्पृश्य चालत नाही. कापडगिरणीत विणकाम खाते त्याला बंद का? कारण तिथे धागा तोंडाने ओढावा लागतो. प्रत्येक ठिकाणी पद कोणते, कोणाला दिले जात नाही आणि त्यामागची खरी यंत्रणा काय, एवढे तीन खिळे ठोकलेले. ब्राह्मण्य आणि भांडवलशाही हे दोन शत्रू त्याच भाषणातले. आपण ते सुभाषितासारखे वापरतो आणि पोर्टरचा दाखला विसरतो. बडनेरा, मूर्तिजापूर, अकोला ही सारी त्याच जी. आय. पी. च्या मार्गावरची स्टेशने. आमच्या वऱ्हाडातल्या कित्येक घरांत गँगमनची नोकरी हेच पहिले वेतन होते, त्यामुळे हा दाखला तरी आम्ही विसरू नये.

आता साहित्याकडे येऊ. बाबुराव बागुलांची ‘जेव्हा मी जात चोरली होती’ ही कथा (संग्रह १९६३) समीक्षकांनी अस्मितेची कथा म्हणून वाचली. मी ती नोकरीची कथा म्हणूनही वाचतो. रेल्वेतल्या नोकरीसाठी परगावी गेलेला तरुण जात लपवून खोली मिळवतो आणि उघडा पडल्यावर मार खातो. नोकरी सरकारी आहे, घटना लागू झालेली आहे, तरी पगाराच्या आड जात उभीच आहे. कुमुद पावडे यांच्या ‘अंतःस्फोट’मधला (१९८१) संस्कृत शिक्षणावरचा लेख तर त्याहून स्पष्ट. नागपूरची दलित मुलगी संस्कृतात एम. ए. होते याचे कौतुक करून आपली समीक्षा थांबली. ‘देवभाषेवर स्वारी’ वगैरे. त्या लेखाचा उत्तरार्ध एका बेकार उमेदवाराची फाईल आहे, हे फारसे कोणी म्हटले नाही. मुलाखती होतात, टोमणे मिळतात, नोकरी मिळत नाही. शेवटी ती जगजीवनराम यांना पत्र लिहिते, ते पत्र पंतप्रधान नेहरूंपर्यंत जाते, तिथून मुख्यमंत्र्यांकडे. आणि तरीही कारभार हलत नाही. नोकरी मिळते ती लग्नानंतर, सोमकुवर हे आडनाव जाऊन पावडे हे आडनाव आल्यावर. पंतप्रधानांच्या दप्तरापर्यंत गेलेल्या अर्जाने जे झाले नाही ते नवऱ्याच्या कुणबी आडनावाने केले!

मुलाखतीत नाकारलेल्या उमेदवाराने जावे कुठे, हा प्रश्न त्या काळी तिच्यापुढे होता. जायला दार नव्हते म्हणून तिने मंत्र्याचे दार ठोठावले. कुमुद पावडे २०२३ साली गेल्या. खाजगी नोकरीतल्या उमेदवारापुरता तो प्रश्न अजून जवळजवळ तसाच उभा आहे.

अमरावती जिल्ह्यात जन्मलेले अर्थतज्ज्ञ सुखदेव थोरात यांनी पॉल अ‍ॅटवेल यांच्याबरोबर केलेला अभ्यास २००७ साली प्रसिद्ध झाला. वर्तमानपत्रातल्या खाजगी नोकऱ्यांच्या जाहिरातींना त्यांनी अर्ज पाठवले. अर्जदार काल्पनिक, पात्रता सारखी, फरक फक्त नावाचा: उच्चवर्णीय हिंदू, दलित आणि मुसलमान. दलित आडनावाच्या अर्जाला बोलावणे येण्याचा संभव उच्चवर्णीय आडनावाच्या तुलनेत सुमारे दोन-तृतीयांश निघाला. मुसलमान नावाचा त्याहूनही कमी. जे पावडेबाईंनी आयुष्य खर्चून ओळखले ते थोरातांनी टपालाने सिद्ध केले. अर्जालाच त्यांनी पुराव्याचे हत्यार बनवले. आपल्या एकाही वाङ्मयीन लेखात या अभ्यासाचा उल्लेख मला आढळलेला नाही. तो अर्थशास्त्रात मोडतो, एवढेच त्याचे पाप!

पण या पुराव्यावर त्यातल्या एखाद्या कंपनीला कोर्टात खेचता आले असते का? इथे कायद्याची घडण पाहावी लागते. घटनेचे सोळावे कलम सरकारी नोकरीपुरते आहे. खाजगी नोकरभरतीतल्या जातिभेदाविरुद्ध नुकसानभरपाई आणि नोकरी मागता येईल असा स्वतंत्र दिवाणी कायदा आपल्या देशात नाही. जे आहे ते फौजदारी. १९५५ च्या अस्पृश्यताविरोधी कायद्यात १९७६ साली दुरुस्ती झाली, त्याचे नाव नागरी हक्क संरक्षण कायदा झाले, आणि चौथ्या कलमात व्यवसाय-धंद्याबरोबर ‘नोकरी’ हा शब्द आला. अस्पृश्यतेच्या कारणावरून नोकरी करण्यास मज्जाव करणे हा गुन्हा झाला. शिक्षा एक ते सहा महिने आणि दंड शंभर ते पाचशे रुपये. दंडाचा आकडा वाचून हसू येते. पण त्याच कायद्याचे बारावे कलम हसण्यासारखे नाही. कृत्य अनुसूचित जातीच्या माणसाबाबत घडले असेल तर ते अस्पृश्यतेपोटीच घडले असे न्यायालय गृहीत धरील, उलट सिद्ध होईपर्यंत. म्हणजे हेतू सिद्ध करण्याचे ओझे तक्रारदाराच्या खांद्यावरून उतरवलेले आहे. किती कार्यकर्त्यांनी हे कलम तक्रारीत लिहिले आहे? पुढे १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्यात २०१५ च्या दुरुस्तीने, इतरांना खुल्या असलेल्या नोकरी-धंद्यात अडथळा आणणे हा गुन्हा आला, शिक्षा सहा महिने ते पाच वर्षे. तरीही फौजदारी कायद्याची जात एकच. तो कोणाला तरी तुरुंगात घालू शकतो. ज्याची नोकरी गेली त्याला नोकरी देणे हे त्याचे काम नव्हे.

येथे मला ‘शेरा’ या दुसऱ्या वाङ्मयप्रकाराबद्दल लिहायचे आहे, कारण अर्ज बहुधा शेऱ्याला उत्तर म्हणून जन्मतो. सरकारी नोकराच्या गोपनीय अहवालात वरिष्ठ वर्षाला दोन ओळी लिहितो. बढती त्या दोन ओळींवर असते. या दोन ओळींची शैली पाहा: ‘कामात रस नाही’, ‘वर्तन समाधानकारक नाही’, ‘सचोटी संशयास्पद’. सगळी विशेषणे. तारीख नाही, प्रसंग नाही, साक्षीदार नाही. जात तर कुठेच नाही. प्रस्थापितांचे हे सर्वांत कमी शब्दांचे आणि सर्वांत जास्त फळ देणारे लेखन आहे.

कऱ्हाडच्या शासकीय औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालयातल्या एका भांडारपालाच्या अहवालात, सचोटी व चारित्र्य ठीक नाही, अशा अर्थाचा शेरा पडला. तो अनुसूचित जातीचा. त्याने २००६ च्या जानेवारीत शेरा लिहिणाऱ्या अधिकाऱ्यांविरुद्ध अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली फिर्याद दिली. खटल्यासाठी वरिष्ठांची मंजुरी हवी होती, ती तंत्रशिक्षण संचालकांनी नाकारली. २०१६ साली त्याने संचालकांविरुद्धही फिर्याद दिली. सुभाष काशिनाथ महाजन विरुद्ध महाराष्ट्र राज्य हा तो खटला. २० मार्च २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने संचालकांवरील कारवाई रद्द केली आणि पुढे जाऊन सांगितले की या कायद्याखाली गुन्हा नोंदवण्याआधी प्राथमिक चौकशी करता येईल, अटकेपूर्वी मंजुरी हवी. २ एप्रिलला भारत बंद झाला, काही राज्यांत माणसे मेली. ऑगस्ट २०१८ मध्ये संसदेने १८-अ हे कलम घालून चौकशी आणि मंजुरीची अट काढून टाकली. १ ऑक्टोबर २०१९ रोजी न्यायालयाने आपले ते निर्देश मागे घेतले. १० फेब्रुवारी २०२० रोजी दुरुस्ती वैध ठरवली.

या घटनाक्रमावर आपल्याकडे भाषणे झाली, विशेषांक निघाले. एका गोष्टीकडे मात्र कोणी वळून पाहिले नाही. तो शेरा खरा होता की खोटा? भांडारपालाच्या चारित्र्याबद्दल लिहिणाऱ्याने कोणत्या प्रसंगावरून लिहिले? मूळ प्रश्न एवढाच होता आणि देश ढवळून निघाला तरी त्याची उलटतपासणी झालीच नाही. चर्चा झाली ती कायद्याच्या गैरवापराची. शेरा ज्या दप्तरात होता तिथेच सुरक्षित राहिला. शेऱ्याला फौजदारी फिर्यादीने उत्तर देऊ नये असे मी म्हणत नाही. जिथे अपमान आहे, मज्जाव आहे, तिथे द्यावेच. पण शेऱ्यातल्या विशेषणाला आपण ‘जातीयवादी’ या विशेषणाने उत्तर देतो, तेव्हा दोन विशेषणे समोरासमोर उभी राहतात, आणि न्यायाधीशाला निवड करायची असते. तो कोणाचे विशेषण उचलतो हे मी सांगायला नको.

शेऱ्याशी शेऱ्याच्या मैदानात लढण्याचे दार २००८ साली उघडले. देवदत्त खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की गोपनीय अहवालातली प्रत्येक नोंद, बरी असो वाईट असो, कर्मचाऱ्याला कळवलीच पाहिजे. गोपनीय हा शब्दच तिथे अर्धा मेला. नोंदीची प्रत लेखी मागावी, मिळाली नाही तर माहितीच्या अधिकारात मागावी, आणि नोंदीविरुद्ध निवेदन द्यावे. त्यात एकच विचारावे: कोणत्या दिवशीच्या, कोणत्या कामावरून हा शेरा? त्याच कामावर असलेल्या दुसऱ्याचा शेरा काय? निवेदनाला सहा महिने उत्तर आले नाही तर राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला तिथून पुढच्या एका वर्षात प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या नागपूर खंडपीठाकडे जाता येते. अंतिम आदेश आला असेल तर आदेशापासून एक वर्ष. अमरावती-अकोल्याचा माणूस ‘साहेबाची बदली होईल, मग पाहू’ म्हणत थांबतो. साहेबाची बदली होते, आणि मुदतही जाते.

आमच्याकडे शिक्षणसंस्था उदंड. या त्रैमासिकाचे कितीतरी वाचक खाजगी शाळांत शिकवतात, म्हणून हे त्यांच्यासाठी. १९७७ च्या खाजगी शाळा कर्मचारी कायद्याच्या नवव्या कलमाखाली, कामावरून काढले, पदावनत केले किंवा बढतीत डावलून कनिष्ठाला वर नेले, तर शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते; अमरावतीला ते आहे. मुदत तीस दिवस. सेवाज्येष्ठता डावलून संचालकांचा भाचा मुख्याध्यापक होतो, आणि आमचा शिक्षक वर्षभर कवितेत धुमसतो. कविता चांगली होते. एकतिसाव्या दिवसानंतर विलंब माफ करा म्हणून हात जोडावे लागतात, एवढेच.

आयोगाबद्दल फार बोलायला नको. अनुसूचित जाती आयोगाला (महाराष्ट्रासाठी त्याचे कार्यालय पुण्याला आहे) अधिकाऱ्याला बोलावण्याचे, कागद मागवण्याचे दिवाणी न्यायालयासारखे अधिकार आहेत. पण आदेशाला स्थगिती देता येत नाही, हे १९९६ सालीच सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवले आहे. कागद बाहेर काढण्यासाठी आयोग उपयोगी. तिथे अर्ज पडला आहे म्हणून न्यायालयाची मुदत थांबते, असे समजून बसलेल्यांची निराशा मी पाहिली आहे.

कामगारांची गोष्ट सर्वांत बिकट. महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यात अनुचित कामगार प्रथांची यादी आहे, तक्रारीला नव्वद दिवस आहेत. त्या यादीत ‘गुणवत्ता न पाहता कामगारांच्या एका गटाला झुकते माप देणे’ आहे, वर्षानुवर्षे बदली व हंगामी ठेवणे आहे. जात हा शब्द नाही. केंद्राच्या चार श्रमसंहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्या. झुकत्या मापाचे ते वाक्य नव्या औद्योगिक संबंध संहितेतही आहे, जात तिथेही नाही. आता कोणते कलम लावायचे ते कामगार न्यायालयातल्या जाणत्या वकिलाला विचारूनच लिहावे. पण कलम कोणतेही असो, जातीमुळे डावललेल्या कामगाराने लिहायचे काय, तर ‘पक्षपात’. बागुलांच्या नायकाला खोलीसाठी जात चोरावी लागली. आमच्या कामगाराला ती न्यायासाठी चोरावी लागते. आणि पोलीस ठाण्यात नेमके उलटे. तिथे जातीचा दाखला आधी. १९५६ साली ज्या घराने महारकी आणि हिंदू धर्म दोन्ही टाकले त्या घरातल्या मुलाला फिर्यादीत ‘धर्म बौद्ध, जात महार’ असे लिहून द्यावे लागते. १९९० च्या दुरुस्तीने बौद्धांना अनुसूचित जातीत धरले ते याच वाटेने. एका कचेरीत जात झाकायची, दुसऱ्या कचेरीत टाकलेली जात पुन्हा अंगावर घ्यायची. हा पेच आपल्या एखाद्या कादंबरीकाराच्या नजरेस पडायला हवा होता.

सामूहिक कागदाचे बळ मात्र याच क्षेत्रात दिसले. मुंबई महापालिकेत कंत्राटावर राबणाऱ्या २७०० सफाई कामगारांना कायम करण्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने ७ एप्रिल २०१७ रोजी कायम ठेवला. लढणारा होता कचरा वाहतूक श्रमिक संघ. हे काम पिढ्यान्‌पिढ्या कोणाच्या माथी आहे ते सर्वांना ठाऊक आहे, पण दावा कंत्राट बोगस असल्याचा होता. आणि जिथे जात कागदावर लिहिलेलीच असते तिथे निकाल किती स्वच्छ लागतो तेही पाहा: तुरुंगाच्या नियमांत कैद्यांना जातीवरून कामे वाटून दिली होती, ३ ऑक्टोबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते नियम मोडीत काढले. अडचण न लिहिलेल्या जातीची आहे.

गेल्या हंगामानंतर अकोल्याकडच्या एका जिनातल्या कामगाराचा अर्ज माझ्या हाती आला. कोर्टाबाहेरच्या टंकलेखकाने करून दिलेला, दीड पानाचा. पहिल्या अकरा ओळी गरिबीच्या: बायको आजारी, मुली शिकताहेत, मायबाप आपणच. मग मालक जातीयवादी असल्याचे दोनदा. आणि अगदी शेवटी, सहीच्या वर, जागा उरली म्हणून टाकल्यासारखे एक वाक्य: आमचा पाण्याचा माठ वेगळा होता, मी मोठ्या रांजणातून प्यालो, त्यानंतर मला सरकीच्या कामावरून हमालीला टाकले, आणि पुढल्या हंगामाला बोलावले नाही. सारा दावा त्या एका वाक्यात आहे. पण तारीख नाही, मुकादमाचे नाव नाही, त्याच्या जागी कोणाला घेतले ते नाही. शिवाय जिनात ‘काढून टाकले’ असा कागद कधीच निघत नाही. फक्त बोलावत नाहीत. मग नव्वद दिवस मोजायचे कुठून? जिन सुरू होऊन जुने कामगार कामावर गेले त्या दिवसापासून, असे वकिलांनी सांगितले, आणि तो दिवस हजेरीवहीतूनच काढावा लागेल.

आम्ही ते वाक्य वर घेतले. रांजणातून पाणी प्याल्याचा दिवस त्याने आठवला, कारण त्या दिवशी त्याच्या गावचा बाजार होता. मुकादमाचे नाव आले, हमालीला टाकल्याची मजुरी पगाराच्या चिठ्ठीवर निघाली. बायकोचा आजार मी काढून टाकायला सांगितला. त्याने ऐकले नाही. ‘थो बी खराच हाय ना सर,’ तो म्हणाला, आणि मी गप्प बसलो. एक ओळ राहिली. दुसरी अडचण मात्र ओळीत मावणारी नाही. त्या वेगळ्या माठातून आणखी सहा जण पाणी पीत होते. सहाही जणांना या हंगामाला बोलावणे आले आहे, आणि त्यांतल्या एकानेही अजून साक्षीदार म्हणून नाव दिलेले नाही.